ताजुद्दीन हे मराठी नाव आहे

हुडकेश्वर रोडवर भाड्याची खोली शोधणाऱ्या मुस्लिम मुलाला एक गोष्ट लवकर कळते. फोनवर भाडे ठरते, डिपॉझिट ठरते, नळ किती वाजता येतो आणि गाडी कुठे लावायची हेही ठरते. मग समोरून विचारणा होते, "पूर्ण नाव काय म्हणालात?" नाव सांगितले की ती खोली "कालच दुसऱ्याला दिली" असे कळते. हा हुडकेश्वरचा खास दोष नाही. मुंबईच्या टॉवरमध्ये आणि पुण्याच्या सोसायटीतही हेच घडते. फरक एवढाच की नागपूरच्या दक्षिणेला शहर वाढते आहे, शेतांचे ले-आउट झाले, ले-आउटचे फ्लॅट झाले, आणि खोली शोधणारी आपली मुले आता तिकडे जात आहेत.

यावर त्या मुलांनी एक उपाय काढला आहे. ताजुद्दीनचा 'ताज' करायचा. अब्दुल काढून टाकायचा. आडनाव विचारल्याशिवाय सांगायचे नाही. पुढे त्यांना मूल झाले की 'दोन्हीकडे चालेल' असे नाव शोधायचे: समीर, साहिल, कबीर. यातली गंमत अशी की ही तिन्ही नावे अरबीत आहेत. साहिल म्हणजे किनारा, कबीर म्हणजे मोठा, आणि समीर म्हणजे रात्री गप्पांना सोबत करणारा. संस्कृतात समीर म्हणजे वारा, म्हणून तो दोन्हीकडे खपतो, इतकेच.

दुसरा उपाय घरातला आहे. अकीकाच्या दिवशी नाव ठरत असते. आजी म्हणते, ताजुद्दीन ठेवा. लगेच कोणीतरी मामू किंवा खालू मोबाईल काढतो. "हे जुने, दर्ग्याचे नाव. शुद्ध अरबी ठेवा, इस्लामी ठेवा." मोबाईलवरच्या यादीत 'अयान'चा अर्थ 'अल्लाहची देणगी' असा दिलेला असतो. अरबी कोशात तो अर्थ मिळत नाही. उर्दूतला 'अयाँ' म्हणजे उघड, डोळ्यांसमोर असलेला. पण यादी बोलली की आजी गप्प बसते.

घरमालक आणि हे मामू एकमेकांना कधी भेटत नाहीत. भेटले तर त्यांचे पटणारही नाही. तरी त्यांचे म्हणणे एकच आहे. दोघेही असे धरून चालतात की ताजुद्दीन हे नाव अरबस्तानचे आहे आणि नागपुरात ते पाहुणे म्हणून राहते. एकाला तो पाहुणा दाराबाहेर हवा आहे, दुसऱ्याला तो आणखी अरबी व्हायला हवा आहे. या दोघांनाही उत्तर देणे गरजेचे आहे. ताजुद्दीन हे मराठी नाव आहे.

हे नाव घडले कसे

आधी शब्द नीट पाहू. ताज, अल, दीन. ताज म्हणजे मुकुट, दीन म्हणजे धर्म. 'अल'मधला ल पुढच्या द मध्ये विरघळतो आणि अद्-दीन होते, म्हणून आपण ताजुद्दीन असा जोड 'द्द' म्हणतो. अर्थ, धर्माचा मुकुट. आता शुद्धतेचा प्रश्न. यातला पहिलाच शब्द मूळ अरबी नाही. 'ताज' इराणच्या जुन्या भाषेतून अरबीत गेला. म्हणजे शुद्ध अरबीच्या हट्टाने नाव चाळायला बसलात तर मुकुट आधी खाली पडतो.

दुसरी गोष्ट. 'उद्दीन' लावलेली नावे ही आधी नावे नव्हतीच, त्या पदव्या होत्या. पैगंबर मुहम्मद (स.) यांच्या काळात मक्का-मदिनेत अशी नावे ठेवण्याची रीत नव्हती. पुढे काही शतकांनी बगदादच्या खिलाफतीत आणि तिच्या आसपासच्या दरबारांत वजीर, सेनापती, विद्वान यांना असे किताब मिळू लागले. सलाहुद्दीन अय्युबीचे नाव यूसुफ होते. जलालुद्दीन रूमींचे नाव मुहम्मद. दिल्लीचे निजामुद्दीन औलिया, त्यांचेही नाव मुहम्मद. चौदाव्या शतकातले प्रसिद्ध फकीह ताजुद्दीन सुबकी यांचे नाव अब्दुल वहाब होते. ताजुद्दीन हा त्यांचा किताब. इराण, मध्य आशिया, दिल्ली, दख्खन अशी मजल मारता मारता किताबाचे नाव झाले, आणि गरिबाच्या पाळण्यातही ते ठेवले जाऊ लागले. सुलतानाने द्यायची पदवी कामठीच्या घरात आईबापांनी मुलाला देऊन टाकली. याला मी भेसळ म्हणणार नाही. नावाने एवढा प्रवास केला आणि दरबारातून सामान्य माणसाच्या घरी आले, हाच त्याचा वारसा आहे.

मग 'इस्लामी नाव' म्हणजे काय? अब्दुल्ला हे नाव घ्या. ते पैगंबरांच्या वडिलांचे होते, आणि वडील पैगंबरांच्या जन्माआधीच वारले. म्हणजे ते नाव इस्लामपूर्व काळापासून चालत आलेले आहे. उमर, खालिद ही नावेही लोक इस्लाम स्वीकारण्याआधीपासून वापरत होते, आणि बहुतेक सहाबांनी आपली जुनी नावे तशीच ठेवली. बदलली गेली ती अर्थ वाईट असलेली नावे. हदीसमध्ये एक उदाहरण प्रसिद्ध आहे: 'आसिया', म्हणजे आज्ञा मोडणारी, असे एका मुलीचे नाव होते, ते बदलून 'जमीला' ठेवले गेले. कसोटी अर्थाची होती. भाषेची कसोटी असती तर इराणी मुसलमानांनी जमशेद आणि परवेझ टाकून दिले असते, तुर्कांनी अर्सलान टाकला असता. सर्वांत जास्त मुसलमान असलेल्या इंडोनेशियाच्या पहिल्या राष्ट्राध्यक्षांचे नाव सुकर्णो होते. त्यातला कर्ण महाभारतातला. त्या नावाने त्यांच्या कलम्यात काही उणे आले नाही.

उमरेड रोडवरचा शेजारी

हुडकेश्वरपासून ताजबाग काही किलोमीटरवर आहे. तिथे झोपलेला माणूस १८६१ साली कामठीच्या छावणीत जन्मला. लहानपणी पोरका झाला, फौजेत शिपाई होता, मग ती नोकरी सुटली. १८९२ मध्ये त्याला नागपूरच्या वेड्यांच्या इस्पितळात टाकण्यात आले. माणसे तिथे गजाआड त्याला भेटायला जात. १९०८ मध्ये नागपूरच्या भोसले घराण्यातील राजे रघुजीराव यांनी त्याला जामिनावर सोडवून शक्करदऱ्याला आपल्या वाड्यात आणले. १७ ऑगस्ट १९२५ रोजी शक्करदऱ्यालाच तो गेला. हे ताजुद्दीन बाबा.

तुम्ही दर्ग्यात जाता की नाही, जाणे योग्य की अयोग्य, हा तुमचा आणि तुमच्या श्रद्धेचा प्रश्न. इथे तो वाद नको. मुद्दा नावाचा आहे. गेली शंभर वर्षे नागपूर जिल्ह्यातल्या तेली, कुणबी, महार, कोष्टी, ब्राह्मण, गोंड घरांत हे नाव रोज उच्चारले गेले आहे. दुकानाच्या पाटीवर, ऑटोच्या मागच्या काचेवर, कॅलेंडरवर ते देवनागरीत लिहिलेले आहे. ते उच्चारताना कोणाची जीभ अडखळत नाही आणि त्याचा अर्थ कोणी विचारत नाही, कारण ते परके वाटत नाही. ज्या शहरात एका वस्तीचे नाव ताजबाग आहे आणि ऑटोवाला त्याच नावाने सवारी हाकारतो, त्या शहरात ताजुद्दीन नावाच्या मुलाला खोली देताना "हे कुठले नाव?" असे विचारायला जागा नाही. नाव त्याच शहराचे आहे.

शहराचीही आठवण देऊ. नागपूर वसवणारा देवगडचा गोंड राजा, त्याचे नाव बख्त बुलंद शाह. तीनही शब्द फारसी. त्या नावाच्या राजाने अठराव्या शतकाच्या तोंडावर हे गाव वसवले. शुद्ध नावांचे नागपूर कधी नव्हतेच.

शाह, शरीफ आणि भोसले

आता नागपुरातून थोडे पश्चिमेला जाऊ, कारण हा प्रश्न एका दर्ग्यापुरता नाही. ताजबागला लोक 'ताजबाग शरीफ' म्हणतात. शरीफ हा अरबी शब्द; अर्थ थोर, खानदानी. हाच शब्द मराठी इतिहासाच्या अगदी दारात उभा आहे. मालोजी भोसल्यांना मूल होत नव्हते, त्यांनी अहमदनगरच्या (आजच्या अहिल्यानगरच्या) शाह शरीफ या पिराला नवस केला, आणि दोन मुलगे झाले तेव्हा एकाचे नाव शहाजी व दुसऱ्याचे शरीफजी ठेवले, असे बखरींच्या परंपरेतून आपण ऐकत आलो आहोत. शरीफजी १६२४ मध्ये भातवडीच्या लढाईत पडले. शहाजींचे पुत्र कोण, हे सांगण्याची गरज नाही. म्हणजे शिवाजी महाराजांच्या सख्ख्या काकांचे नाव आज एखाद्या सोसायटीत सांगितले, तर फ्लॅट "कालच दुसऱ्याला दिलेला" असेल.

यावर एक खरा आक्षेप येतो आणि तो टाळून चालणार नाही. महाराजांनीच 'राजव्यवहारकोश' करवून घेतला, राज्यकारभारातल्या फारसी-अरबी शब्दांना संस्कृत प्रतिशब्द दिले. मग तुम्ही कसले अरबी नावांचे कौतुक सांगता? बरोबर आहे, कोश केला. कारभाराची भाषा रयतेच्या राजाला आपली हवी होती. पण त्यांनी बापाचे नाव बदलले नाही. संस्कृतातल्या त्यांच्या राजमुद्रेत ते स्वतःची ओळख शाहाचा पुत्र शिव अशीच देतात. दप्तरातला शब्द आणि माणसाचे नाव यांत फरक असतो, हे त्यांना कळत होते. पुढे सावरकरांनी भाषाशुद्धीची मोहीम काढली. 'दिनांक' रुजला, पण 'तारीख' गेली नाही. कोर्टात अजून तारीखच पडते, वकीलच उभा राहतो, अर्जच करावा लागतो, हक्कच मागावा लागतो. हे चारही शब्द अरबीतून आले आहेत.

आणि नावे? साहेबराव, दौलतराव, हैबतराव, सुभानराव, फत्तेसिंह. साहेब, दौलत, हैबत, सुभान, फत्ते हे सगळे अरबी. ज्ञानेश्वर माउलींची पालखी आळंदीहून पंढरीला नेण्याचा आजचा थाट एकोणिसाव्या शतकात ज्यांनी घालून दिला, ते साताऱ्याकडच्या आरफळचे हैबतबाबा. 'हैबत' म्हणजे दरारा. आळंदीच्या महाद्वारात हैबतबाबांच्या पायरीची पूजा होते, तेव्हा एका अरबी शब्दाला वारकरी हात जोडतात आणि त्यात कोणाला काही वावगे वाटत नाही. वाटूही नये. 'साहेब' हा शब्द पैगंबरांच्या सोबत्यांसाठी वापरल्या जाणाऱ्या 'सहाबा'चा सख्खा भाऊ आहे. दोन्ही एकाच धातूतून निघाले. तो बाबासाहेबांच्या नावात आहे. दीक्षाभूमीवर दरवर्षी लाखो लोक तो शब्द घेऊन येतात.

तेव्हा कोणी म्हणेल, साहेबरावांना खोली मिळते ना, मग अरबीचा संबंध काय? नेमके हेच मला म्हणायचे आहे. घरमालकाचे भांडण अरबी शब्दाशी नाही. त्याला साहेबराव चालतो, हैबतराव चालतो. त्याला ताजुद्दीन नावाचा माणूस नको आहे. मग नाव 'ताज' करून काय साधले? भाडेकराराला आधार कार्ड लागते, भाडेकरूची माहिती पोलीस ठाण्यात द्यावी लागते. तिथे पूर्ण नाव येतेच. अर्धे नाव आपल्याला दोन दिवस देते, आणि मग नकाराबरोबर खोटेपणाचा ठपकाही देते.

भीती आणि हक्क

एक गोष्ट स्पष्ट करतो. नाव लपवणाऱ्या मुलाला मी दोष देत नाही. १७ मार्च २०२५ ला नागपुरात महाल परिसरात हिंसाचार झाला, काही भागांत संचारबंदी लागली. अशा रात्री ऑटोत बसलेल्या माणसाने आपले नाव मोठ्याने सांगावे, असा उपदेश करणे सोपे असते, कारण उपदेश करणारा घरी असतो. जीव वाचवण्यासाठी घेतलेले नाव हा गुन्हा नाही. मी बोलतो आहे ते भीती नसतानाही सवयीने केलेल्या काटछाटीबद्दल: कॉलेजच्या ओळखपत्रावर, कवितेखाली, वॉट्सअ‍ॅपच्या प्रोफाइलवर, मुलाच्या पाळण्यावर.

आणि हक्काची बाजूही समजून घ्या. राज्यघटनेचे कलम १५ धर्माच्या कारणाने भेदभाव करायला शासनाला मनाई करते. दुकाने, हॉटेले, सार्वजनिक विहिरी यांची दारेही ते सर्वांना उघडते. खासगी घरमालकाच्या दारापर्यंत मात्र ते सरळ पोचत नाही. २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने अहमदाबादच्या एका पारशी गृहनिर्माण संस्थेच्या खटल्यात सभासदत्व आपल्या समाजापुरते ठेवण्याचा नियम वैध ठरवला. म्हणजे या प्रश्नाला कायद्याचे उत्तर अजून पुरते तयार नाही. ते मागावे लागेल, आमदाराकडे, महापालिकेकडे, न्यायालयात. ही मागणी करणाऱ्याने अर्जावर सही कोणत्या नावाने करायची? 'ताज'ला घर नाकारले असे सिद्ध करता येत नाही. नाकारले गेले ते ताजुद्दीनला. अन्यायाची नोंद व्हायची असेल, तर ज्या नावावर अन्याय झाला ते नाव कागदावर असले पाहिजे.

पूर्वसुरींनी काय केले

मराठीत लिहिणाऱ्या मुसलमानांनी या प्रश्नाला वेगवेगळी उत्तरे दिली आहेत. श्रीगोंद्याच्या शेख महंमदांनी सतराव्या शतकात 'योगसंग्राम' लिहिला तो शेख महंमद याच नावाने. मराठी संतपरंपरेने त्यांना नाव बदलून आत घेतले नाही. होते तसे घेतले. बार्शीचे मेहबूब हुसेन पटेल शाहीर झाले तेव्हा त्यांनी 'अमर शेख' हे नाव घेतले. अर्धे संस्कृत, अर्धे अरबी. संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात त्या नावाने मैदाने गाजवली. त्यांनी नाव बदलले, पण 'शेख' पुसला नाही. उलट तोच टाळ्यांच्या गजरात पुकारला गेला. हमीद दलवाई हमीद म्हणूनच मराठी कथाकार झाले. सोलापूरचे विचारवंत फकरुद्दीन बेन्नूर यांच्या नावात तर ताजुद्दीनसारखाच 'उद्दीन' आहे, धर्माचा अभिमान असा अर्थ. मुस्लिम मराठी साहित्याची चळवळ उभी करताना त्यांना 'फकरू' व्हावे लागले नाही. या चौघांचे विचार एकमेकांपासून फार दूर आहेत, त्यांतल्या काहींशी तुमचे कडाक्याचे मतभेद असतील. पण मराठी वाचकाला त्यांनी एक गोष्ट करायला लावली: त्यांचे नाव पूर्ण उच्चारायला.

मग करायचे काय

घरात नाव ठरताना आजीला बोलू द्या. तिच्याकडे यादी नसते, पण नाव कोणाचे होते आणि ते का ठेवले होते हे तिला माहीत असते. अर्थ जरूर पाहा, पण कोशात पाहा; मोबाईलवरची यादी विकायला बसलेली असते. अरबी नाव आवडले तर अरबी ठेवा, फारसी आवडले तर फारसी, आणि गुलाब किंवा चांद ठेवावेसे वाटले तरी कोणाची परवानगी लागत नाही. त्या नावांचे हजारो मुसलमान महाराष्ट्राच्या कबरस्तानांत निजले आहेत आणि त्यांच्या जनाजाच्या नमाजेत कोणी नावाची भाषा विचारली नव्हती.

आणि एक अगदी कोरडी, कामाची गोष्ट. १ ऑक्टोबर २०२३ नंतर जन्मलेल्यांसाठी शाळाप्रवेश, वाहन परवाना, मतदार यादी, विवाह नोंदणी, सरकारी नोकरी या सगळ्यांना जन्मदाखला हाच जन्मतारखेचा आणि जन्मस्थळाचा पुरावा आहे. आपल्या घरांत एकाच माणसाची नावे किती असतात ते काढून बघा. शाळेच्या टीसीवर ताजोद्दीन, आधारवर ताजुद्दीन, रेशन कार्डावर शे. ताज, मतदार यादीत ताजूद्दिन. कारकुनाने जसे ऐकले तसे लिहिले, आणि आपण "चालते" म्हणून घरी आलो. ते चालत नाही. ज्या काळात कागदावरचा एक वेलांटीचा फरक माणसाला रांगेत मागे पाठवतो, त्या काळात आपल्या नावाचे शुद्धलेखन ही चैनीची बाब राहिलेली नाही. कोणाला शुद्धतेचीच हौस असेल तर ती इथे पुरवावी.

महापालिकेच्या जन्मनोंदणीच्या खिडकीवर अर्ज द्याल तेव्हा नाव स्वतः, सुवाच्य देवनागरीत लिहा. ताजुद्दीन: ज ला पहिला उकार, द ला द जोडलेला, दुसरी वेलांटी. कारकुनाने टंकलेले सही करण्यापूर्वी वाचा. चुकले असेल तर तिथेच दुरुस्त करून घ्या, आणि त्याने घाई केली तर म्हणा, साहेब, नाव नागपूरचेच आहे, नीट लिहा.